कीटनच्या 'नेबर्स'मधला तिघांचा मनोरा

प्रश्न: बस्टर कीटनच्या 'नेबर्स' (1920) या विनोदी मूकपटात तिघं एकमेकांच्या खांद्यावर उभं राहून अंगण ओलांडतात, ती कॅमेऱ्याची करामत का? माझ्या प्रतीत सगळे फार घाईत पळतात.

उत्तर 1: करामत नाही. दोन्ही घरं, मधलं कुंपण आणि अख्खा मनोरा लांबून घेतलेल्या एकाच दृश्यात दिसतो. जवळून तुकडे घेतले असते तर जीव टांगणीला लागलाच नसता.

उत्तर 2: घाई वेगामुळे: मूकपट सेकंदाला कमी चौकटींनी (चौकट म्हणजे फिल्मवरचं एक चित्र) घेतलेले, आता जास्त वेगाने दाखवले जातात. 35 मिमी फिल्मच्या फुटात 16 चौकटी. 1000 फुटांचं रीळ सेकंदाला 24 चौकटींनी 11 मिनिटांत संपतं, 18 ने जवळपास 15. प्लेअरचा वेग 0.8 करा, त्याखाली नको, आपटण्यातली धार जाते.

उत्तर 3: कुंपणातल्या भोकातून जाणारी चिठ्ठीही बघाच! आणि नायक कीटनच्या बापाच्या भूमिकेत आहेत त्याचे खरे वडील, जो कीटन. बापलेक बस्टरच्या लहानपणापासून रंगमंचावर एकत्र धडपडत आलेले, म्हणून झटापट इतकी चोख.