कॅव्हन्साइटला ‘निळी गारगोटी’ म्हणावं का?

प्रश्न: इंदूरला एका प्रदर्शनात पांढऱ्या दगडावर बसलेले सुरेख निळे स्फटिक पाहिले. चिठ्ठीवर ‘निळी गारगोटी, वाघोली’ असं लिहिलं होतं आणि विकणारे भाऊ मात्र कॅव्हन्साइट म्हणत होते. दोन्ही एकच का?

उत्तर: नाही ताई, आणि हा घोटाळा मोडायलाच हवा. गारगोटी म्हणजे क्वार्ट्झ, नुसती सिलिका (सिलिकॉन आणि ऑक्सिजन). कॅव्हन्साइट हे कॅल्शियम आणि व्हॅनेडियम या धातूंचं सिलिकेट, शिवाय त्यात पाणीही असतं. नावसुद्धा कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिकॉन यांच्या आद्याक्षरांवरून जुळवलेलं. निळाई व्हॅनेडियमची. कडकपणा पाहा, १ ते १०च्या मोजपट्टीवर: गारगोटीचा ७, याचा जेमतेम ३ ते ४. गारगोटीने काच चरते, कॅव्हन्साइटवर मात्र साध्या चाकूनेही ओरखडा उठतो. म्हणून त्याला ‘रत्न’ म्हणणंही मला पटत नाही, अंगठीत ते टिकणार नाही.

हे खनिज पहिल्यांदा १९६७ साली अमेरिकेत ऑरेगनमध्ये मिळालं, पण सर्वांत देखणे नमुने पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींतले. बारीक सुया एका बिंदूतून चहूकडे फुटून त्यांचा गेंद झालेला असतो. खालचा पांढरा दगड बहुधा स्टिल्बाइट, तेही गारगोटी नव्हे, झिओलाइट, म्हणजे पाणी धरून ठेवणाऱ्या सिलिकेट खनिजांपैकी एक.

प्रश्न: काका, माळव्याचं पठारही त्याच काळ्या दगडाचं ना? मग आपल्याकडे विहीर खणताना मिळेल का?

उत्तर: दगड तोच, दख्खनचा बेसाल्ट, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. पण नुसता कातळ असून भागत नाही. लाव्हा थिजताना आत अडकलेल्या वायूच्या बुडबुड्यांच्या पोकळ्या राहतात. पुढे त्यांत झिरपलेल्या गरम पाण्यातून खनिजं जमतात. त्या पाण्यात व्हॅनेडियमही हवं, आणि तेच क्वचित असतं. विहिरीच्या दगडात पांढरे खडे दिसले तर ते गारगोटीचे, कॅल्साइटचे किंवा झिओलाइटचे असू शकतात. कॅल्साइट लिंबाच्या रसाने फसफसतो, एवढी परीक्षा घरीही होते.

आणखी एक. पेंटागोनाइट नावाच्या दुसऱ्या खनिजाचं रासायनिक सूत्र हुबेहूब कॅव्हन्साइटचंच, रंगही निळा, फक्त अणूंची मांडणी वेगळी. त्यामुळे ‘निळं व्हॅनेडियम सिलिकेट’ असं मराठी नाव पाडलं तरी दोघांत फरक उरणार नाही. कॅव्हन्साइट हाच शब्द नपुंसकलिंगी वापरावा: ‘वाघोलीचं कॅव्हन्साइट, स्टिल्बाइटवर’. चिठ्ठीवर एवढं लिहिलं की पुरे.