मदत हवी: डीएनएसमध्ये (डोमेनचे पत्ते सांगणाऱ्या नोंदवहीत) काय चुकलं? वेबसाइट उघडते, मेल येत नाही

रामबाग_इंदूर:
कुणीतरी लवकर सांगा. परवापासून दुकानाच्या पत्त्यावर निम्मी मेल येत नाही. वेबसाइट छान उघडते. ए रेकॉर्ड तीनदा तपासला, आयपी बरोबर आहे. बायको मोदकांच्या ऑर्डरी मेलवर घेते आणि गणपती आठ दिवसांवर आलेत. काहींची मेल पोचते, काहींची परत जाते. हे अर्धवट कसं काय?

पॅनलवाला:
ए रेकॉर्ड फक्त वेबसाइट कुठे आहे ते सांगतो. मेल कुठे टाकायची ते एमएक्स सांगतो. मेल कुणाकडे आहे? परवा काय बदललंत?

सदाशिव_पेठ:
ब्राउझरची कॅशे साफ करा. माझं असंच झालं होतं, पाच मिनिटांत सुटलं.

पॅनलवाला:
अहो, मेल गिऱ्हाइकांकडून परत जातेय. यांच्या ब्राउझरचा इथे काय संबंध?

रामबाग_इंदूर:
मेल गुगलकडे आहे, पैसे भरून घेतलेली. बदललं काहीच नाही. फक्त होस्टिंग नवीन घेतलं.

दांडियाबाजार_बडोदा:
म्हणजे नेमसर्व्हरही (डोमेनच्या या नोंदी जिथे असतात ते सर्व्हर) बदललेत ना?

रामबाग_इंदूर:
हो, त्यांनी दोन नावं दिली ती टाकली. ते सांगायला हवं होतं का?

दांडियाबाजार_बडोदा:
तेच तर सगळं आहे, दादा! नेमसर्व्हर बदलला की जुन्या पॅनलमधले सगळे रेकॉर्ड बाद होतात, जग नवं पॅनल वाचतं. नव्या होस्टिंगने ए रेकॉर्ड आपणहून घातला असेल आणि एमएक्सला स्वतःचाच सर्व्हर लावला असेल. तिथे तुमची मेलपेटी नाही, म्हणून मेल परत जाते. ज्यांच्या इंटरनेट कंपनीकडे जुने नेमसर्व्हर अजून साठवलेले आहेत, त्यांची पोचते. डोमेन डॉट कॉम आहे का? तिथे नेमसर्व्हरच्या नोंदीचा टीटीएल (ती किती वेळ साठवून ठेवायची ती मुदत) १,७२,८०० सेकंद असतो, म्हणजे ४८ तास.

सदाशिव_पेठ:
मग ४८ तास थांबा, आपोआप ठीक होईल. मी नेहमी थांबतो.

पॅनलवाला:
उलट होईल! थांबलात तर ४८ तासांनी एकही मेल येणार नाही. माझं मत, नेमसर्व्हर सरळ जुनेच करा.

दांडियाबाजार_बडोदा:
नको. परत बदललं की पुन्हा तोच ४८ तासांचा घोळ, आणि वेबसाइट जुन्या होस्टिंगवर जाईल ती वेगळीच. जुनं पॅनल उघडा, गुगलच्या एमएक्सच्या ओळी असतील, बहुधा पाच, आकडे १, ५, ५, १०, १०. लहान आकड्याचा सर्व्हर आधी. त्या तशाच नव्या पॅनलमध्ये घाला, होस्टिंगची स्वतःची एमएक्सची ओळ काढा. मग कुणी जुनं वाचो की नवं, मेल गुगलकडेच जाईल.

पॅनलवाला:
हे पटलं. टीएक्सटीच्या, म्हणजे मजकुराच्या, नोंदीही आणा: एसपीएफ (तुमच्या नावाने कोणते सर्व्हर मेल पाठवू शकतात ती यादी) आणि डीकेआयएम (मेलवरची डिजिटल सही तपासायची किल्ली) दोन्ही. पण एसपीएफ एकच हवा. जुना आणि होस्टिंगचा असे दोन ठेवलेत तर तपासणीच फसते, एकाच ओळीत दोघांना घाला. २०२४च्या फेब्रुवारीपासून जीमेल पाठवणाऱ्याकडे एसपीएफ किंवा डीकेआयएम मागतंच, नाहीतर तुमच्या पावत्या स्पॅममध्ये जातील.

मराठी_अभिमान:
विषय निघालाच आहे तर, दुकानाचं नाव देवनागरीत का नाही? डॉट भारत २०१४ पासून मिळतंय.

पॅनलवाला:
मिळतं, पण डीएनएसमध्ये ते रोमन अक्षरांतच साठतं, सुरुवातीला एक्सएन आणि दोन आडव्या रेघा. आणि आत्ता इथे मोदक अडलेत, वेगळा धागा काढा.

मालवाकाठ:
भिया, मोदक देवासला पोचवता का? अकरा हवेत, तळलेले.

रामबाग_इंदूर:
एमएक्सच्या पाच ओळी टाकल्या, होस्टिंगची काढली. तासाभराने भावाला पुण्याहून पाठवायला सांगितलं, आली! सकाळपासून त्याची परत जात होती. एसपीएफ एकत्र केला. पण डीकेआयएमची ओळ नवं पॅनल घेत नाही, फार लांब आहे म्हणतं. आणि परत गेलेल्या मेल?

दांडियाबाजार_बडोदा:
एका तुकड्याला २५५ अक्षरांची मर्यादा असते. अवतरणचिन्हांत दोन तुकडे करा, ते जोडूनच वाचले जातात. परत गेलेल्या मेल मात्र आपोआप येणार नाहीत. वहिनींना नेहमीच्या गिऱ्हाइकांना आजच फोन लावायला सांगा.

रामबाग_इंदूर:
ती फोनवरच आहे. दोन तुकडे घेतले पॅनलने. मालवाकाठ, देवासला पोचवतो, पण उकडीचेच आहेत.