मदत हवी आहे: अत्र्यांनी नुसते लिहिलेले सिनेमे कुठले आणि स्वतः काढलेले कुठले?

घाईत_आहे: अर्जंट. दोन्ही याद्या वेगवेगळ्या हव्यात, सालासकट. नेटवर सगळी खिचडी आहे. नाटकं नकोत.

चहाबाज: कशासाठी हवंय? शाळेतल्या भाषणाला चार नावं पुरतात, प्रबंध असेल तर गोष्ट निराळी. आणि हिंदी आवृत्त्या धरायच्या का? 'ब्रह्मचारी' हिंदीतही निघाला होता.

सासवडी: 'कऱ्हेचे पाणी' वाचा. सगळं आहे त्यात.

घाईत_आहे: प्रदर्शनाचे फलक आहेत, उद्या छापायला द्यायचेत. आत्मचरित्राचे खंड रात्रीत कोण वाचणार? फक्त मराठी सिनेमे.

तांबडा_रस्सा: मग हंस पिक्चर्सपासून धरा. 'धर्मवीर' (१९३७), 'ब्रह्मचारी' (१९३८), 'ब्रँडीची बाटली' (१९३९). तिन्हींत अत्रे लेखक, दिग्दर्शक मास्टर विनायक. उगाच 'अत्र्यांचा ब्रह्मचारी' छापू नका, विनायकांवर अन्याय होतो. मीनाक्षी शिरोडकरांचा पोहण्याच्या पोशाखातला फोटो मात्र लावा, गर्दी हमखास.

चहाबाज: अन्याय कसला? 'यमुनाजळी खेळू खेळ' हे गाणंसुद्धा अत्र्यांचंच. लेखक काढला तर त्या सिनेमात उरतं काय?

तांबडा_रस्सा: विनायकांचा अभिनय उरतो. पाहिलाय का सिनेमा?

मावशीप्रेमी: 'मोरूची मावशी' कुणीच कसं घेतलं नाही? विजय चव्हाणांचं 'टांग टिंग टिंगा' आठवलं तरी हसू येतं.

घाईत_आहे: नाटकं नकोत म्हटलं ना!!

रिळवाला: निर्मितीच्या रकान्यात 'पायाची दासी' (१९४१) टाका. अत्रे पिक्चर्सचा, पण दिग्दर्शक गजानन जागीरदार. सासू दुर्गा खोटे, सून वनमाला. हीच वनमाला पुढे 'श्यामची आई' झाली. त्या सिनेमाचे निर्माते-दिग्दर्शक दोन्ही अत्रेच. साल १९५३.

सासवडी: १९५४. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक त्या वर्षी मिळालं.

रिळवाला: पदक ५४ साली दिलं, सिनेमा ५३चा. राष्ट्रीय पुरस्कारांचं ते पहिलंच वर्ष. पाठोपाठ 'महात्मा फुले'ला रौप्यपदक मिळालं, तोही अत्र्यांचाच.

चहाबाज: आणि एवढं करून १९५६ला 'मराठा' दैनिक काढलं, संयुक्त महाराष्ट्राची रणधुमाळी केली. गेल्या दहा हजार वर्षांत असा माणूस झाला नाही.

मावशीप्रेमी: 'श्यामची आई' कुठे बघायला मिळेल? मुलांना दाखवायचाय.

घाईत_आहे: ताई, वेगळा धागा काढा प्लीज. रिळवाला, आभार. 'महात्मा फुले'त फुल्यांचं काम कुणी केलं? फोटोखाली नाव हवंय.

रिळवाला: बाबूराव पेंढारकर.

तांबडा_रस्सा: म्हणजे हंसचेच भागीदार. आता लावा तो फोटो आमच्या रकान्यात!