'हाय नून'मधला तो महापौर कोण? थॉमस मिचेलबद्दल सांगा की

पेठेतला_पिक्चरवाला:
काल रात्री 'हाय नून' (१९५२) बघितला. मार्शल विलच्या, म्हणजे गावच्या पोलीसप्रमुखाच्या, रोलमधे गॅरी कूपर भारीच, पण माझी नजर अडकली ती महापौरावर. चर्चमधे सगळे भांडत असतात तेव्हा हा उठतो, मार्शलचं तोंडभर कौतुक करतो, आपल्याला वाटतं चला आता हा गुंडांशी लढायला माणसं गोळा करून देणार, आणि बोलता बोलता हळूच वळतो की गावात गोळीबार झाला तर बाहेरचे लोक पैसा घालणार नाहीत, तेव्हा विल, तू गाव सोड. आवाज जरापण चढवत नाही! 'इट्स अ वंडरफुल लाइफ'मधला बिली काका हाच ना? हा कधी हिरो का झाला नाही?

रंकाळा_वारा:
व्हय भावा, तोच. थॉमस मिचेल. जन्म १८९२चा, आधी पेपरात बातमीदार, मग रंगभूमी, नाटकं लिहायचा पण, आणि सिनेमात नीट आला १९३६ला म्हणजे चव्वेचाळिशीत, मग हिरो कुठनं होणार. पण १९३९ साल बघ. 'स्टेजकोच'मधे दारुडा डॉक्टर, 'गॉन विथ द विंड'मधे नायिका स्कार्लेटचा बाप, 'मिस्टर स्मिथ गोज टू वॉशिंग्टन'मधे पत्रकार, 'ओन्ली एंजल्स हॅव विंग्ज'मधे वैमानिक आणि 'द हंचबॅक ऑफ नोत्र दाम'मधे भिकाऱ्यांचा राजा. एकाच वर्षात! 'स्टेजकोच'साठी सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर मिळालं.

मिरजकर_तिट्टा:
'स्टेजकोच'मधे त्याला नीट बघा. घोडागाडीत शेजारी दारूचा विक्रेता बसलेला, त्याच्या पेटीतल्या नमुन्याच्या बाटल्या हा एकेक करून संपवतो आणि वर त्या बिचाऱ्याची काळजी पण घेतो. पुढं बाळंतपणाची वेळ येते तेव्हा काळी कॉफी मागवतो, आणखी आणा, आणखी आणा, आणि पिऊन पिऊन स्वतःला शुद्धीवर आणतो. तिथं तो हसवत नाही, हा माणूस कधीतरी चांगला डॉक्टर होता हे एकदम दिसतं. माझ्या मते सगळ्या पिक्चरमधला सगळ्यात चांगला भाग हाच.

पेठेतला_पिक्चरवाला:
म्हणजे दारुडा हा शिक्काच बसला म्हणायचा? आपल्या गणपत पाटलांवर नाच्याचा बसला तसा? एवढा ताकदीचा नट, आणि लोकांनी दुसरं काही बघितलंच नाही, मला पाटलांचं अजून वाईट वाटतं.

रंकाळा_वारा:
बसायला आला होता. १९३७च्या 'द हरिकेन'मधे पण दारुडा डॉक्टरच, त्यालाही ऑस्करचं नामांकन. बिली काका पण पिणारा, बँकेत भरायचे ८,००० डॉलर हरवतो तो. पण सगळे एकसारखे नाहीत रे. 'स्टेजकोच'च्या डॉक्टरच्या पिण्यात जुनी अब्रू आहे, बिलीच्या पिण्यात लहान पोराचं भाबडेपण. आणि मग तुझा तो महापौर, पूर्ण शुद्धीत असून सगळ्यात जास्त घात करणारा. आपल्या पाटलांना असे वेगळे रोल कुणी फारसे दिले नाहीत, फरक तिथं पडला.

मिरजकर_तिट्टा:
शिवाय तो नुसत्या सिनेमावर बसला नव्हता. १९५३ला टीव्हीचा एमी आणि रंगभूमीचा टोनी दोन्ही मिळाले, ऑस्कर धरून तिन्ही मिळवणारा पहिला पुरुष नट. आणि १९६२ साली, गेला त्याच वर्षी, स्टेजवर कोलंबो नावाच्या डिटेक्टिव्हचा रोल करत होता! पीटर फॉकचा टीव्हीवरचा कोलंबो त्याच्या नंतरचा.

पेठेतला_पिक्चरवाला:
कोलंबो?? हे माहीतच नव्हतं. रविवारी 'स्टेजकोच' लावतो, कोण येतंय बघायला?