मदत हवी आहे: चिप कारखान्याला केमिकल विकायचंय, नोंदणी कुठे करायची?

अंबडचा_उद्योजक:
अंबड एमआयडीसीत आमचा प्लांट आहे. माल 99.9 टक्के शुद्ध, औषध कंपन्या वर्षानुवर्षं उचलतात. गुजरातेत धोलेरा-साणंदला चिपचे प्रकल्प येतायत, त्या बातम्या वाचून त्यांच्या परचेसला मेलवर मेल टाकले, रेटही उतरवला. कोणी दाद देत नाही. टेंडर कुठे निघतं? नेमकं सांगा, घाई आहे.

रेणुका_क्यूसी:
दादा, माल कोणता?

अंबडचा_उद्योजक:
आयपीए, म्हणजे आयसोप्रोपिल अल्कोहोल. 200 लिटरचे ड्रम.

रेणुका_क्यूसी:
ड्रम कशाचे? सोडियम, लोह, तांबं किती येतं?

अंबडचा_उद्योजक:
लोखंडी ड्रम, सगळेच तसे देतात. सीओएवर, म्हणजे मालासोबतच्या तपासणी दाखल्यावर, शुद्धता, पाणी, रंग असतो. धातू आजवर कोणी विचारले नाहीत.

सातपूर_७:
आयएसओ करून घ्या, सगळी दारं उघडतात. आमचं तसंच झालं.

जुना_प्रोसेसवाला:
सातपूरकर, आयएसओ लागतंच, पण त्यावर माल जात नाही. साहेब, धुतलेला वेफर, म्हणजे ज्यावर चिप बनते ती सिलिकॉनची चकती, आयपीएने वाळवतात, त्यातलं जे मागे उरेल ते थेट चिपवर बसतं. सोडियम गेट ऑक्साइडमध्ये, म्हणजे ट्रान्झिस्टरमधल्या पातळ इन्सुलेटर थरात, सरकतं आणि ट्रान्झिस्टर ज्या व्होल्टेजला चालू व्हायचा ते व्होल्टेजच हलतं. म्हणून जी-5 या चिपसाठीच्या अतिशुद्ध ग्रेडला प्रत्येक धातू साधारण 10 पीपीटीच्या आत हवा, म्हणजे एक लाख कोटी भागांत दहा. तुमचे 99.9 टक्के याबद्दल काहीच सांगत नाहीत. आधी आयसीपी-एमएसवर, म्हणजे इतके सूक्ष्म धातू मोजणाऱ्या यंत्रावर, तपासून घ्या. लोखंडी ड्रम तर विसराच, स्वच्छ एचडीपीई प्लास्टिकचा लागेल.

आणि निवड परचेस करत नाही. प्रोसेस इंजिनिअर आणि सप्लायर क्वालिटीवाले करतात. आधी प्रश्नावली, मग वेगवेगळ्या लॉटची सॅम्पल, टेस्ट वेफर, प्लांट ऑडिट, शेवटी चालू उत्पादनात थोडा माल. वर्ष सहज जातं. नंतर फिल्टर किंवा कच्च्या मालाचा पुरवठादार बदलायचा तरी आधी कळवून मंजुरी घ्यावी लागते.

सातपूर_७:
एवढा ताप कोण घेणार? रेट कमी असेल तर घेतात की!

रेणुका_क्यूसी:
नाही घेत. जानेवारी 2019 मध्ये टीएसएमसी या तैवानच्या चिप कंपनीत फोटोरेझिस्टची (वेफरवर नक्षी उमटवायला लागणारं प्रकाशसंवेदी रसायन) एक बॅच खराब निघाली. महसुलाला सुमारे 55 कोटी डॉलरचा फटका बसेल, असं कंपनीनेच सांगितलं. ड्रममागे वाचलेल्या पैशांसाठी ती जोखीम कोण घेईल?

गोदाकाठ:
पण दुसरा पुरवठादार त्यांनाही हवा असतो. जुलै 2019 मध्ये जपानने दक्षिण कोरियाला जाणाऱ्या, चिप बनवायला लागणाऱ्या हायड्रोजन फ्लोराइडवर आणि फोटोरेझिस्टवर निर्बंध आणले, तेव्हा कोरियन कंपन्या घरचा माल तपासायला लागल्या. वाट तिथून निघते.

सिन्नरची_स्नेहल:
मुलगा केमिकल इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे. धोलेऱ्याला भरती कधी, कोणाला माहीत आहे का?

जुना_प्रोसेसवाला:
ताई, वेगळा धागा काढा, तिथे सविस्तर लिहितो.

अंबडचा_उद्योजक:
टेंडरचं कोणीच सांगितलं नाही.

जुना_प्रोसेसवाला:
साहेब, अशा मालाचं उघडं टेंडर सहसा निघत नाही. धोलेऱ्याला फॅब, म्हणजे वेफरवर चिप बनवणारा कारखाना, होतोय, पण साणंदला मायक्रॉन कंपनीचं चिपचं पॅकेजिंग आणि टेस्टिंग आहे. तिथल्या अटी फॅबपेक्षा सैल असतात, सुरुवात तिथून करा. धातूंचा रिपोर्ट इथे टाका, मग कोणती ग्रेड झेपेल ते बघू.

अंबडचा_उद्योजक:
सॅम्पल कोणत्या बाटलीत पाठवायचं? काच चालेल?

रेणुका_क्यूसी:
काच नको, तिच्यातूनच सोडियम उतरतं. पीएफए प्लास्टिकची बाटली लॅबकडूनच मागवा.