हायगेटमधली शिशाची शवपेटी: चहातून पोलोनियम कशाला? बंदूक नव्हती का?

ठाकुर्लीकर

नमस्कार मंडळी. मुलीकडे लंडनला आलोय तीन महिन्यांसाठी, नातवाला सांभाळायची ड्युटी. रविवारी जावई हायगेट सिमेट्रीत घेऊन गेला, मला मार्क्सची कबर बघायची होती (युनियनवाले आम्ही, त्याला नमस्कार केल्याशिवाय कसं परत जायचं). ते झालं, मग जावई म्हणाला बाबा इथे अजून एकाची बघण्यासारखी आहे, लिटविनेंको म्हणून. अर्धवट तुटलेला खांब उभा केलाय तिथे. म्हणाला हा रशियाचा पळून आलेला गुप्तहेर, २००६ साली ह्याला इथे लंडनमध्ये चहातून पोलोनियम हे किरणोत्सर्गी विष पाजून मारलं आणि पुरताना शवपेटीला आतून शिसं लावायला लागलं होतं. झालं! तेव्हापासून हिने डोकं उठवलंय की आपण दहा मिनिटं तिथे उभे होतो, बाळ पण होतं बाबागाडीत, काही होणार नाही ना. तर पहिला प्रश्न हिचा, तो तेवढा लवकर सोडवा म्हणजे मला जेवायला मिळेल.

दुसरा प्रश्न माझा. एवढा मोठा देश, एक माणूस मारायचा तर अणुभट्टीतला माल विमानातून आणायचा, हॉटेलात बसून चहात टाकायचा, हा सगळा उपद्व्याप कशासाठी? गोळी घातली असती तर काम एका सेकंदात झालं असतं की. जाणकारांनी प्रकाश टाकावा.

जुना_मास्तर

वहिनींना सांगा निश्चिंत राहा. पोलोनियम-२१० दर १३८ दिवसांनी निम्मं होतं. २००६ पासून आजपर्यंत ते पन्नासेक वेळा निम्मं झालंय, म्हणजे आता तिथे शोधायला गेलात तरी काही उरलेलं नाही. आणि तसंही त्याचे अल्फा किरण साधा कागद किंवा अंगाची कातडी अडवते. धोका फक्त पोटात किंवा फुफ्फुसात गेलं तर.

आणि ह्यातच तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आहे बघा. जे किरण कातडीतून बाहेर येत नाहीत ते हॉस्पिटलच्या यंत्रालाही दिसत नाहीत. १ नोव्हेंबरला मेफेअरच्या मिलेनियम हॉटेलच्या पाइन बारमध्ये तो तीनचार घोट ग्रीन टी प्यायला, तोही गार झालेला आणि बिनसाखरेचा, त्याने स्वतःच पोलिसांना सांगितलंय हे. रात्रीपासून उलट्या. डॉक्टरांना आधी पोटाचं इन्फेक्शन वाटलं, मग केस गळायला लागले तेव्हा थॅलियम ह्या विषाचा संशय, गायगर काउंटर (किरणोत्सर्ग मोजायचं यंत्र) फिरवला तर काही नाही. शेवटी लघवीचा नमुना ऑल्डरमास्टनला, म्हणजे जिथे ब्रिटनची अण्वस्त्रं बनतात तिथे गेला, आणि तिथल्या कुणाच्या तरी लक्षात आलं की गॅमा किरणांची एक अगदी बारीक रेघ दिसत्ये. ती रेघ पोलोनियमची. हे पक्कं झालं २३ नोव्हेंबरला, आणि त्याच रात्री तो गेला. समजा तो धडधाकट नसता आणि आठवड्यातच गेला असता तर? अज्ञात आजार लिहून फाइल बंद. ती मंडळी ह्याच भरवशावर होती असं माझं मत. गोळीचं भोक कुणालाही दिसतं हो, ठाकुर्लीकर.

सडेतोड

मास्तर तुमचं फिजिक्स बरोबर असेल पण ही सगळी ब्रिटिशांनी रचलेली गोष्ट आहे. स्वतःच्या देशात माणूस मेला की बोट रशियाकडे. रशिया आपला जुना मित्र, ७१ ला कोण उभं राहिलं होतं आठवा जरा. शिवाय एवढी हुशार एजन्सी सगळीकडे किरणोत्सर्गाचा माग सोडत फिरेल का? काहीतरी लॉजिक लावा.

जुना_मास्तर

७१ चं ऋण मान्य, पण त्याचा आणि ह्या चहाचा काय संबंध.

मागाबद्दल म्हणाल तर तीच खरी गंमत आहे. लुगोवोय आणि कोव्हतुन, ज्यांनी चहा पाजला ते दोघे, त्यांना आपण काय घेऊन फिरतोय ते बहुतेक धड माहीतच नव्हतं. हॉटेलच्या खोल्या, विमानातल्या सीटा, आर्सेनलचं स्टेडियम (त्या संध्याकाळी मॉस्कोच्या टीमची मॅच होती आणि लुगोवोय सहकुटुंब आला होता), सगळीकडे पोलोनियम सापडलं. आणि चहा झाल्यावर बारमध्ये लुगोवोयचा आठ वर्षांचा मुलगा आला तर बापाने त्याला सांगितलं, अंकलशी शेकहँड कर. आपल्या पोराला कुणी जाणूनबुजून तसं करायला लावेल का? ज्यांनी पाठवलं त्यांनी ह्या दोघांना हमालासारखं वापरलं.

आणि नुसतं ब्रिटिशांचं म्हणणं म्हणाल तर ब्रिटिश सरकारलाच हे प्रकरण नको होतं. बायको मरीना कोर्टाच्या पायऱ्या झिजवत राहिली तेव्हा कुठे चौकशी बसली, जानेवारी २०१६ मध्ये सर रॉबर्ट ओवेन ह्या माजी न्यायाधीशांनी अहवाल दिला की हे काम एफएसबीचं (रशियाची गुप्तचर संस्था) आणि त्याला तिचे तेव्हाचे प्रमुख पात्रुशेव आणि पुतिन ह्यांची बहुधा मंजुरी होती. बहुधा हा शब्द त्यांचा, माझा नाही. २०२१ ला युरोपच्या मानवाधिकार कोर्टानेही रशियाला जबाबदार धरलं. लुगोवोय तोवर खासदार होऊन बसला होता, वर पुतिननी त्याला पदकही दिलं.

पावसाळी_बाई

मी साउथॅम्प्टनला असते, सॅलिस्बरी आमच्यापासून अर्ध्या पाऊण तासावर, त्यामुळे २०१८ चं प्रकरण आम्ही अगदी शेजारून बघितलंय म्हणून लिहिते. मार्चमधला रविवार, ४ तारीख. सर्गेई स्क्रिपाल आणि त्याची मुलगी युलिया बाकावर बेशुद्ध सापडले. हा माणूस पण लष्करी हेरखात्यातला, ब्रिटनला माहिती विकायचा, रशियात शिक्षा झालेली आणि मग २०१० च्या अदलाबदलीत इकडे आला. म्हणजे हा लिटविनेंकोसारखा पळून नव्हता आला, रशियाने हिशोब मिटवून सोडला होता! हेरांच्या धंद्यात सोडलेल्याला हात लावत नाहीत म्हणे. हॅहॅ.

नोव्हिचोक (सोव्हिएत काळात तिकडेच बनवलेलं, मज्जासंस्थेवर हल्ला करणारं विष) लावलं होतं घराच्या दाराच्या हँडलला. आठवडाभराने सरकारी सूचना आली की त्या दिवशी स्क्रिपाल बापलेक ज्या रेस्टॉरंटमध्ये आणि पबमध्ये गेले होते तिथे जे जे गेले होते त्यांनी कपडे धुवा, फोन आणि पर्स बेबी वाइप्सने पुसून घ्या. आमच्या ऑफिसातली एकजण गेली होती तिथे जेवायला. तिने विचारलं, जगातलं सगळ्यात जहाल विष आणि उपाय काय तर बाळाचे रुमाल? आम्ही हसलो पण तिचं तोंड बघण्यासारखं झालं होतं.

मग सप्टेंबरमध्ये विष लावल्याचा संशय असलेले दोघे रशियन टीव्हीवर आले, पेत्रोव्ह आणि बोशिरोव्ह, म्हणे आम्ही सॅलिस्बरीचं प्रसिद्ध कॅथीड्रल बघायला गेलो होतो, त्याचा कळस १२३ मीटरचा आहे हो. पाठ केल्यासारखं. पुढे त्यांची खरी नावं पण बाहेर आली, दोघेही त्याच लष्करी हेरखात्याचे. सडेतोडभाऊ, तुम्ही मॉस्कोहून दोन दिवस मार्चच्या चिखलात कळस बघायला याल का सांगा.

पण मला राग येतो तो वेगळ्याच गोष्टीचा. स्क्रिपाल वाचला, मुलगी वाचली, तपासाला गेलेला पोलिसही वाचला. मेली कोण तर डॉन स्टर्जेस, तीन मुलांची आई, ना हेर ना राजकारणी. तिच्या मित्राला पर्फ्युमचा खोका सापडला, त्याने प्रेमाने दिला, तिने मनगटावर मारला. त्या बाटलीतूनच विष आणलं होतं आणि काम झाल्यावर टाकून दिलं. ८ जुलैला गेली. त्या बाटलीत अजून किती लोकांना पुरेल एवढं होतं हे ऐकलं की पोटात गोळा येतो. म्हणून मास्तरांचं "सापडू नये म्हणून विष" हे मला सॅलिस्बरीपुरतं पटत नाही. नोव्हिचोक म्हणजे रशियाची सहीच की. तिथे सगळ्या पळून आलेल्यांना कळावं असाच हिशोब होता.

माळरान

बाईंशी सहमत आणि मास्तरांशीपण. मी जरा वेगळं एरंडाचं गुऱ्हाळ लावतो, शब्दशः एरंडाचं.

१९७८, ७ सप्टेंबर, लंडनचाच वॉटरलू ब्रिज. गिओर्गी मार्कोव्ह हा बल्गेरियाचा लेखक, पळून येऊन बीबीसीत काम करायचा आणि रेडिओवरून तिकडच्या राज्यकर्त्यांची सालटी काढायचा. बसस्टॉपवर उभा असताना मांडीत काहीतरी टोचलं, वळून बघतो तर एक माणूस पडलेली छत्री उचलतोय, सॉरी म्हणाला, टॅक्सीत बसून गेला. संध्याकाळी ताप, चौथ्या दिवशी मेला. मांडीतून काय निघालं तर टाचणीच्या डोक्याएवढी धातूची गोळी, प्लॅटिनम-इरिडियमची, तिला दोन बारीक भोकं. आत रायसिन असणार असा निष्कर्ष निघाला. रायसिन म्हणजे आपल्या एरंडीच्या बियांमधलं विष! आमच्या लातूरकडे बांधावर एरंड उगवतो तोच, आजी पोट साफ करायला एरंडेल पाजायची तोच (तेलाला घाबरू नका, विष तेलात उतरत नाही, पेंडीत राहतं, म्हणून एरंडीची पेंड गुरांपुढे टाकत नाहीत, खत म्हणून शेतात टाकतात). ओसाड गावी एरंड बळी म्हणतात, इथे भर लंडनमध्ये बळी ठरला.

हे पण बाहेर आलं नसतं. पण दोनेक आठवडे आधी पॅरिसला कोस्तोव्ह नावाच्या दुसऱ्या बल्गेरियन माणसाला मेट्रोत असंच पाठीत टोचलं होतं, तो तापाने पडून वाचला. मार्कोव्हची बातमी ऐकली तेव्हा त्याच्या डोक्यात प्रकाश पडला, पाठीतून तशीच गोळी निघाली. ती छत्री मात्र आजवर सापडली नाही, काहीजण म्हणतात छत्री नव्हतीच, पेनासारखं काहीतरी होतं. शिक्षा कुणालाही झालेली नाही.

जुना_मास्तर

बाईंचा मुद्दा तोलामोलाचा आहे, स्क्रिपालच्या वेळी हिशोब बदलला असेल. पण जुनी पद्धत बघा. १९५७ ला म्युनिकमध्ये लेव्ह रेबेत हा युक्रेनचा निर्वासित नेता जिन्यात मेला, हार्ट अटॅक लिहून मोकळे. दोन वर्षांनी बांदेरा, तोही युक्रेनचाच नेता, तोही म्युनिकमध्येच. खरं काय ते कळलं कधी, तर स्टाशिन्स्की नावाचा सोव्हिएत हेरखात्याचा मारेकरीच १९६१ मध्ये बर्लिनची भिंत उभी राहायच्या आदल्या दिवशी पळून पश्चिमेला आला आणि सांगितलं की मी तोंडावर सायनाइडचा फवारा मारला होता. तो आला नसता तर रेबेत आजही हार्ट अटॅकनेच मेलेला असता. आपल्याला माहीत असलेली सगळी प्रकरणं ही फसलेली आहेत, न फसलेल्यांची यादी कोण देणार.

सडेतोड

बरं मान्य करू एक वेळ. पण फक्त रशियाच का दिसतो? १९९७ ला जॉर्डनच्या अम्मानमध्ये मोसादने (इस्रायलचं हेरखातं) हमासच्या खालेद मशालच्या कानापाशी विष मारलंच होतं ना, कॅनडाच्या पासपोर्टवर आले होते ते. जॉर्डनचा राजा हुसेन इरेला पेटला म्हणून नेतन्याहूला उतारा पाठवावा लागला. त्यावर धागा का नाही?

पावसाळी_बाई

काढा की धागा, येते मी तिथे. २०१७ चा किम जोंग-नाम (उत्तर कोरियाच्या किम जोंग-उनचा सावत्र भाऊ) पण घ्या त्यात, क्वालालंपूरच्या विमानतळावर दोन पोरींनी तोंडाला व्हीएक्स हे जहाल विष फासलं, त्यांना वाटत होतं टीव्हीच्या प्रँक शोचं शूटिंग आहे. हमाल तिकडेही दुसरेच.

ठाकुर्लीकर

सगळ्यांचे आभार. हिला अर्ध्या आयुष्याचं गणित वाचून दाखवलं, पटलं, जेवण मिळालं. पण आता तिचा नवा प्रश्न, तो मलाही सुचला नव्हता. ती किटली? जिच्यात तो चहा होता ती? हॉटेलवाल्यांनी ती फेकली की नाही?

जुना_मास्तर

वहिनींना तपासात घ्यायला हवं होतं. नाही फेकली, त्यांना कुठे माहीत होतं. डिशवॉशरला लावली आणि परत गिऱ्हाइकांना चहा द्यायला वापरली. पोलिसांच्या हाती लागली तेव्हा तिच्या तोटीत अजून पोलोनियम होतं.

ठाकुर्लीकर

अरे देवा. हे मी वाचून दाखवत नाही. उद्या आमचं मेफेअरमध्येच बाहेर चहाला जायचं ठरलंय.