टॉवेल कारखाना आठवड्यातून चारच दिवस: वेळापत्रक कसं बसवावं?

प्रश्न: अक्कलकोट रोड एमआयडीसीत टेरी टॉवेलचे माग आहेत, कामगार १२, ईएसआय (कामगार राज्य विमा) लागू. ऑर्डरी कमी, म्हणून सहाऐवजी चार दिवस चालवायचंय. सगळे माग एकदम बंद ठेवावेत की पाळीने सुट्टी द्यावी?

उत्तर १: एकदम बंद. निम्मे माग चालले तरी जॉबर (माग लावणारा-दुरुस्त करणारा कारागीर) पूर्ण वेळ लागतोच. सोम ते गुरु चालवा.

उत्तर २: मग गुरुवारी माग थांबवताना ताणा (उभं सूत) सैल करायला विसरू नका, जमिनीचा (पायाच्या कापडाचा) आणि पाइलचा (वरच्या फासांचा), दोन्ही बीमचा, म्हणजे सूत गुंडाळलेल्या रुळांचा. ताणलेलं सूत तीन दिवसांत लांबतं आणि सोमवारी पहिल्याच टॉवेलवर आडवी पट्टी उमटते. तो नग सेकंडमध्ये, म्हणजे दुय्यम मालात जातो. सुरू करण्याआधी ताण पूर्ववत करा.

उत्तर ३: दादा, ईएसआयचा हिशेब आधी करा. आजारपणाच्या भत्त्यासाठी सहामाहीत (एप्रिल-सप्टेंबर, ऑक्टोबर-मार्च) किमान ७८ दिवसांची वर्गणी भरलेली लागते. २६ आठवडे धरले तर चार दिवसांनी १०४ भरतात, खाडे झाले तरी निभावतं. तीन दिवसांनी बरोबर ७८; एक खाडा झाला की कामगाराचा भत्ता गेला. त्यामुळे मंदी वाढली तरी तीनवर येऊ नका, हवं तर रोजचे तास कमी करा. हजेरीपत्रक मात्र चोख ठेवा.